कुत्र्याच्या तोंडून

लग्न होऊन मी कडावला आले, तेव्हा बोरघाटातून आगगाडी सुरू होऊन फार दिवस झाले नव्हते. गाडी घाट चढून पार पुण्याला जायची, पण आमच्या घरात नवऱ्याचा शब्द ओटीवरून चुलीपर्यंत येत नसे. वडीलधाऱ्यांदेखत बायकोशी बोलणं म्हणजे लाज सोडणं. यांनी त्यावर तोड काढली होती. जेवताना ओटीवरच्या तांबड्या कुत्र्याला ते विचारायचे, "काय रं, घरातलं मीठ संपलं काय?" की मी समजायचं, कालवण अळणी झालंय. मीही त्याला भाकरीचा तुकडा टाकताना त्यालाच सांगायची की लाकडं फोडून हवीत. सासूबाईंना सगळं कळायचं, पण कुत्र्याशी बोलायला मनाई कशी करणार?

एका उन्हाळ्यात रायवळ आंबे चोखून आम्ही बाठे परसात टाकले होते. दुपारी कुत्रा धडपडत ओटीवर आला. मान ताणलेली, लाळ गळतेय, पायाने स्वतःचंच तोंड ओरबाडतोय आणि आवाज मात्र नाही. हा गेला तर आमचं बोलणंही गेलं, एवढंच मनात आलं.

यांनी त्याला गुडघ्यांत दाबून दोन्ही हातांनी जबडा फाकवला. घशाच्या तोंडाशी बाठा आडवा बसलेला दिसत होता, पण काढायला तिसरा हात कुठला? सासरे त्याचे मागचे पाय धरून बसलेले, सासूबाई दारात. मान वर करून हे थेट माझ्याकडे बघत म्हणाले, "तू हात घाल गं. भिऊ नको, मी हाय."

मी हात घातला. बाठा बुळबुळीत, बोटांतून निसटून आणखीच आत जायला लागला. मग चुलीकडे धावले, मासळी साफ करताना लावतो तशी बोटांना राख लावली आणि पुन्हा हात घातला. आता पकड बसली. बाठा निघाला, कुत्रा खोकत खोकत श्वास घ्यायला लागला. दात लागलेत का ते बघायला यांनी माझं मनगट धरलं होतं. सासूबाईंनी आठवण करून दिली, बाठा केव्हाच निघालाय, आता हात सोडला तरी चालेल.

दुसऱ्या दिवसापासून पुन्हा मधे कुत्रा. पुढे सासूसासरे गेले, अडवणारं कोणी उरलं नाही, तरी यांची सवय काही सुटली नाही. मला राग यायचा. त्या एका दुपारच्या बोलण्यावर किती वर्षं काढायची माणसानं? आता हेही गेले, आणि तो रागसुद्धा हवासा वाटतो.

ओटीवर हल्ली त्याच तांबड्याच्या वंशातलं एक कुत्रं असतं. संध्याकाळी भाकरी टाकताना मी त्याला विचारते, "काय रं, शेतावरून आले काय ते?"

ते शेपूट हलवत वाटेकडे बघतं. मीही बघते.