युनोमियाची ड्युटी

उत्तमराव गेल्याचं मला मिलच्या गेटवर कळलं. सकाळची शिफ्ट आत चालली होती, आणि कुणीतरी सांगितलं की ते झोपेतच गेले... दुखणं म्हणाल तर साधा खोकलाही नव्हता.

जालन्याच्या एमआयडीसीतल्या सळईच्या मिलवर आम्ही वीस वर्षं बरोबर काढली. ते आमचे शिफ्ट इनचार्ज. नाद एकच, युनोमिया नावाचा लघुग्रह. मंगळ आणि गुरूच्या मधला अडीचशे किलोमीटरचा ओबडधोबड दगड. सूर्याभोवती सव्वाचार वर्षांत एक चक्कर, स्वतःभोवती सहा तास पाच मिनिटांत. फिरताना कधी लांबट बाजू समोर येते, कधी आखूड, म्हणून त्याचा उजेड कमीजास्त होतो. उत्तमराव तो गच्चीवरच्या दुर्बिणीतून बघून वहीत लिहायचे. मी भरपूर टिंगल करायचो. एकदा म्हणाले, "मी न्हाई राह्यलो तर तुम्ही बघून घ्या, भाऊ." मी म्हटलं, "इथं रोलचे फेरे बघून जीव चालला, मंग वरचे कशाला?" ते हसले. ते बोलणं आता मला खातं.

दहाव्यानंतर वहिनींनी ती वही माझ्या हातात दिली. आत थेट मिलसारखा ड्युटी तक्ता होता: तारीख, वेळ, ड्युटी कोणाची, अपेक्षित उजेड, दिसलेला उजेड. मिलमध्येही ते महिनाभराच्या ड्युट्या आधीच लावून मोकळे व्हायचे. ते गेले त्या तारखेपर्यंत ड्युटीच्या रकान्यात त्यांचं नाव होतं. दुसऱ्या दिवसापासून माझं. अक्षर त्यांचंच, शाईही तीच.

"हे कधी लिहिलं त्यांनी?"

"दिवाळीच्या आधी लिहीत बसल्ते," वहिनी म्हणाल्या. "दोन महिने झाले बघा."

त्याच संध्याकाळी अंधार पडल्यावर मी त्यांच्या गच्चीवर गेलो. भीती वाटत होती, खोटं कशाला बोलू? तो ठिपका सापडायला तास गेला. शेजारच्या ताऱ्यांशी ताडून उजेड ठरवला, तर त्यांनी लिहिलेल्या आकड्याशी बराबर जुळला. दगडाचं मी समजू शकतो, तो ठरल्या वेळी फिरतो. स्वतःची तारीख त्यांनी कुठून काढली?...

आता रोज जातो. वही जाड आहे, पुढच्या तारखा बऱ्याच भरलेल्या आहेत. मी एका वेळी एकच पान उलटतो. माझ्यानंतर कुणाची ड्युटी लागली आहे, ते मला बघायचं नाही.