बंट कोण मारणार?

नांदुऱ्याला आम्हा शिक्षकांचं सॉफ्टबॉलचं शिबिर भरलं, तेव्हा तो धामणगाव बढ्याहून आला होता. आम्ही त्याचं आडनाव विचारलं, त्यावरून जात कळली, आणि मग नाव लक्षात ठेवायची कुणाला गरज वाटली नाही.

बंट मात्र त्याच्यासारखा कुणालाच जमत नसे. गुडघे वाकवून, बॅट आडवी धरून तो चेंडू असा अलगद अडवायचा, की चेंडू पायाशीच निजायचा. यात मारणारा बहुधा बाद होतो आणि पुढचा धावणारा होम गाठून धाव मिळवतो. प्रशिक्षक दरवेळी बंट त्यालाच सांगत. होम गाठायचो मी, टाळ्याही मलाच.

एका सकाळी तो म्हणाला, "सर, मी काय नुसता मराले आलो काय? मले पळाले कवा शिकवता?"

प्रशिक्षक म्हणाले, "अहो, तुम्हा लोकांना सवय असते त्याची." सगळे हसले. मीही हसलो.

त्याच्या मानेची शीर तट्ट फुगली. सरळ माझ्यापाशी येऊन त्यानं बॅट पुढे केली. "घ्या गुरुजी. एक डाव तुमी मरा, मी पळतो."

मी हात पाठीमागे नेले. बॅट जमिनीवर आपटून तो मैदानाबाहेर निघून गेला.

त्याची बाजू घ्यायला हवी होती, असं मी पुढे चारचौघांत म्हणत आलो. खरं सांगतो, त्या क्षणी मला संताप आला तो त्याचाच. आता माझ्यासाठी बाद कोण होणार?