सातं खोडणारी माणसं

मानसशास्त्राला लागणारं संख्याशास्त्र शिकवणारं पुस्तक त्या काळी अख्ख्या सोलापुरात एकच होतं, आणि त्यातलंही सहसंबंधाचं प्रकरण वाळवीनं खाल्लेलं होतं. त्यामुळं आमच्या कॉलेजातून बाहेर पडलेल्या तीन बॅचना या जगात कशाचा कशाशी संबंध असतो याची काडीचीही कल्पना नव्हती. ग्रंथपाल ते पुस्तक दुभत्या म्हशीसारखं जपायचा. मागायला गेलं की आधी हात बघायचा, मग नखं, मग चष्म्यावरून तोंड. पहिली चाळीस पानं मी शब्दकोश मांडीवर घेऊन वाचली आणि माझी खात्री झाली, की हे कुणीतरी कुणावर तरी सूड उगवण्यासाठी लिहिलेलं आहे.

आम्ही अकराजणांनी एम.ए.ला मानसशास्त्र घेतलं ते दुसऱ्याच्या मनातलं ओळखता येईल म्हणून. पैकी आठजणांना एकाच मुलीच्या मनातलं ओळखायचं होतं. पहिल्या तासाला सरांनी फळ्यावर सिग्मा काढला. दुसऱ्या दिवशी ती मुलगी समाजशास्त्रात गेली आणि तिच्यामागं पाचजण गेले. मी राहिलो, कारण मला जायला दुसरीकडं जागा नव्हती.

सरांना स्वतःला आकड्यांची अशी धास्ती होती, की एसटीच्या तिकिटावरचा नंबरसुद्धा ते वाचत नसत. सिग्मा काढून ते त्याच्याकडं थोडा वेळ बघत उभे राहिले आणि म्हणाले, "हे तुम्ही घरी वाचून या." दोन वर्षांत संख्याशास्त्रावर त्यांनी केलेलं हे सगळ्यात मोठं भाषण.

प्रमाण विचलन मी शिकलो ते गिरणीच्या फाटकावर. माझे वडील गिरणीत बदली कामगार होते. मंद्रूपहून आले तेव्हापासून, म्हणजे माझ्या जन्माच्या आधीपासून बदलीच. बदलीवाल्यानं रोज सकाळी फाटकावर जाऊन उभं राहायचं. कायमचा कामगार आला नाही, तर टाइमकीपर बाहेर येऊन बोट दाखवणार, आणि ज्याच्याकडं बोट जाईल त्यानं आत जाऊन त्या न आलेल्या माणसाच्या मागावर उभं राहायचं. बोट आलं नाही तर घरी. सरासरीनं रोज वीसजण आत घेत. पण वीस असे कधीच घेतले नाहीत. आज पाच, उद्या पस्तीस, परवा एकही नाही. पुस्तकातलं ते वर्गमुळाचं सूत्र मला तिथं एका दमात कळलं. सरासरी साहेबासाठी असते. विचलन फाटकावर उभं असतं.

वडिलांना त्या फाटकावरून घरी आणायचं, एवढं एकच माझ्या डोक्यात होतं. आमच्या विभागात जूनपासून डेमॉन्स्ट्रेटरची एक जागा भरायची होती, आणि ती मला मिळाली तर ते होणार होतं.

हे सरांना ठाऊक होतं. त्यांची पीएच.डी. सात वर्षं अडकून पडली होती. विषय, रातपाळीचा कामगाराच्या लक्षावर होणारा परिणाम. सर मला काम असलं की 'अरे' म्हणत आणि नसलं की 'अहो'. एके दिवशी म्हणाले, "अरे, ये, बस. आकड्यांचं तेवढं तू बघ. जागेचं मी बघतो."

मग मी बघायला लागलो. सरांनी चाचणी ठरवली ती अशी: सायक्लोस्टाइल केलेल्या कागदावर आकड्यांच्या ओळीच्या ओळी, आणि कामगारानं दोन मिनिटांत त्यातली सगळी सातं खोडायची. अक्षरं घेतली असती तर तेलुगू वाचणाऱ्या विणकरांची अडचण झाली असती. आकडे सगळ्यांना येतात, सर सोडून. गिरणीचा मस्टर आणला. पुस्तकाच्या मागच्या यादृच्छिक अंकांच्या तक्त्यावर डोळे मिटून पेन्सिल टेकवली आणि दिवसपाळीची चाळीस, रातपाळीची चाळीस नावं काढली. माझ्या सगळ्या आयुष्यात एवढी निःपक्षपाती गोष्ट मी दुसरी केलेली नाही.

दिवसपाळीची माणसं मी स्वतः तपासली, दुपारी पाळी सुटल्यावर, गिरणीतल्या गणेश मंडळाच्या खोलीत. रातपाळी सुटायची सकाळी, आणि सकाळी माझे तास. तेव्हा ते चाळीस कागद टाइमकीपरकडं दिले. रोज पाळी सुटताना यादीतल्या चारपाचजणांना बसवायचं, घड्याळ लावायचं, कागद गोळा करायचे. पंधरवड्यानं गठ्ठा आला. चाळीसच्या चाळीस. प्रत्येकावर नाव, नंबर. टाइमकीपर म्हणाला, "एकाचाबी खाडा न्हाय. तुमच्या कालेजात असती का अशी हजेरी?"

मग विभागातलं गणनयंत्र. हातानं दांडी फिरवायचं, रसवंतीच्या चरकासारखं, आणि भागाकारात एक फेरा जास्त झाला की आतून घंटी वाजायची. दिवाळीनंतर मी ती दांडी इतकी फिरवली, की माझा उजवा दंड डाव्याच्या दुप्पट झाला आणि घंटीच्या आवाजानं दोनदा शाळेतली मुलं सुट्टी झाली म्हणून घरी गेली. उत्तर आलं ते उलटं. रातभर मागावर उभी असलेली माणसं दिवसपाळीच्या माणसांपेक्षा सरस. किंचित नव्हे, दोन गटांतला फरक मोजणारा टी एवढा मोठा की तक्त्याच्या कडेबाहेर गेला.

सर खूश झाले. "अरे, नवीन निष्कर्ष आहे हा. जुनं सिद्ध करून काय मिळतं?"

मला मात्र टीपेक्षा विचलन खुपत होतं. दिवसपाळीची माणसं माणसांसारखी विखुरलेली होती. रातपाळीची चाळीस माणसं एकमेकांच्या इतकी जवळ, जणू एकाच आईची. मी गठ्ठा सोडला आणि आकड्यांऐवजी पहिल्यांदाच कागद पाहिले.

सात खोडताना कुणी फुली मारतो, कुणी रेघ. एका कागदावर प्रत्येक सातावर दोन बारक्या आडव्या रेघा आणि शेवटी खाली ओढलेलं शेपूट. कापडात तुटका धागा सापडला की माझे वडील निळ्या पेन्सिलीनं अशी खूण करत. आमच्या म्हशीचं दूध नेणाऱ्यांच्या खाड्याला घरच्या कॅलेंडरवर हीच खूण होती. मी पुढचे कागद उलटत गेलो. तीच खूण सात कागदांवर निघाली, सात वेगळ्या नावांखाली. उरलेल्या तेहेतीस कागदांत मिळून पाच हात होते.

घरी आलो. वडील दाढी करत होते.

"आबा, गिरणीत तुम्ही सातं खोडायला बसला होता?"

"बसलो की. सात डाव बसलो."

"दुसऱ्याच्या नावानं?"

त्यांनी वस्तरा थांबवला. "आता बदलीवाला आपल्या नावानं कवा बसतो रं? रातभर उभं ऱ्हायल्याला मानूस सातं कशाला हुडकत बसंल? त्यो गेला घरला. टाइमकीपरनं फाटकात येऊन इचारलं, कोन भरनार? आमी सहाजन उभंच होतो, त्या दिशी आत घेतलं न्हवतं कुनाला. म्हनलं, भरतो."

"आणि रोज तुम्हीच?"

"हात बसला की मग आमचा. टाइमकीपर म्हनला, येवढी चलाख मानसं दुसरी न्हाईत." मग आरशातून माझ्याकडं बघत हळूच विचारलं, "चुकली का रं कुटं?"

"नाही. तुमचं एकही नाही चुकलं."

आई चुलीपाशी होती. ती म्हशीशी कानडीत बोलायची आणि आमच्याशी मराठीत, पण खूश झाली की आमच्याशीही कानडीत बोलायची. त्या दिवशी कानडीत बोलली.

दुसऱ्या दिवशी मी सरांना सगळं सांगितलं. रातपाळीचा एकही माणूस बसलेला नाही. बसली ती रात्रभर झोपून आलेली, काम न मिळालेली सहा माणसं. सरांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"नावं तक्त्यावरून काढली होती ना?"

"हो."

"मग नमुना शुद्ध आहे. पुढं कोण येऊन बसलं ते टाइमकीपर जाणे."

"सर, पुन्हा घेऊ या. मी सकाळचे तास बुडवतो."

"अहो," सर म्हणाले, आणि त्या 'अहो'नंच मला कळलं, "जागेसाठी तुमचं नाव मी कळवणार आहे. अजून कळवलेलं नाही."

मी गठ्ठा बांधला. सुतळीची गाठ मारायला मला फार वेळ लागला, एवढाच काय तो माझा विरोध. बाकी सगळी कोष्टकं मीच केली, सुबक, दोन दशांश स्थळांपर्यंत.

सर डॉक्टर झाले. डेमॉन्स्ट्रेटरची कायमची जागा संस्थेच्या चिटणीसांच्या भाच्याला गेली. मला मिळाली ती बाळंतपणाच्या रजेवर गेलेल्या बाईंची, तीन महिने. मस्टरवर नाव त्यांचं. समोर सही मी करायची. घरी सांगितलं तर वडील म्हणाले, "म्हन्जे बदलीच की."

"व्हय."

"असूंदे. फाटक तरी सावलीत असंल तुमचं."

पुढच्याच महिन्यात गिरणीनं रातपाळी वाढवली. माझ्या टीमुळं वाढवली असं म्हटलं तर ती माझ्या नेहमीच्या थापांतली एक होईल. गिरणीला करायचं ते तिनं केलंच असतं. पण रातपाळीनं डोकं चालेनासं होतं अशी कुरकूर सुरू झाली, तेव्हा लेबर ऑफिसरनं सरांच्या प्रबंधातलं एक पान नोटीसबोर्डावर लावलं. आणि बदलीवाल्यांतल्या दहाजणांना गिरणीनं कायम केलं, रातपाळीला. त्यात वडील होते. जे मी करणार होतो ते असं झालं. ते सकाळी फाटकावर जायचे बंद झाले. सकाळी ते फाटकातून बाहेर यायचे, डोळे लाल, पाय फरपटत, आणि शेजारच्यांनी विचारलं की ओसरीवर टेकता टेकता सांगायचे, "रातपाळीनं डोस्कं तल्लख होतंय. कालेजात शिद्ध झालंय. आमच्याच पोरानं काढलंय." ते कागद कुणी खोडले होते हे त्यांच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं, तरी सांगायचे.

एका सकाळी मी एक उरलेला कोरा कागद त्यांच्यापुढं ठेवला, पेन्सिल दिली आणि घड्याळ लावलं. त्यांनी पहिल्या ओळीतली सातं खोडली, दोन रेघा आणि शेपूट. दुसऱ्या ओळीत एक सुटलं, एक नऊ खोडलं. तिसऱ्या ओळीत एका साताचं शेपूट सुरू झालं ते कागदाच्या कडेपर्यंत खाली गेलं, आणि त्यांची मान छातीवर आली. दोन मिनिटं व्हायला अजून बराच वेळ होता.

आईनं त्यांच्या बोटांतून पेन्सिल काढून घेतली आणि माझ्याकडं न बघता म्हणाली, "हे न्हे तुझ्या सरांकडं."

मी कागदाची घडी घातली. सकाळचा तास होता. बाई रजेवरून परत यायला अजून बारा दिवस होते.