फक्त लग्नपत्रिकेसाठी

नजरबादच्या छापखान्यातल्या मजकूर जुळवणाऱ्या म्हाताऱ्या जुळाऱ्याकडे साठेक वर्षांपूर्वीची शिशाची वळणदार मराठी अक्षरं आहेत. त्यांवरून मी कॉम्प्युटरसाठी फाँट केला. एकेका अक्षराचा खिळा ते रॉकेलनं पुसून हातात देत आणि ठसा उमटला की लगेच परत मागत. हे खिळे फक्त लग्नपत्रिकेला, निधनपत्राला साधे, हा त्यांचा नियम. मालकाचंही त्यापुढे चालत नसे.

काल फाँट पुरा झाला.

"आता कोणीपण कशालापण वापरणार, अल्वा?" त्यांनी विचारलं.

"हो काका. अडवणार कोण?"

"मग माझं निधनपत्र ह्यातच छाप. तारीख मोकळी सोड."

मी त्यांच्याच नियमाची आठवण करून दिली.

"लग्न कुठं केलं मी?" ते म्हणाले. "माझं नाव ह्यात कधी लागायचं मग?"