बोलते डबे

"कोंजम थांब," म्हणत माझे ऑफिसातले वरिष्ठ सहकारी फोन टॅगवर टेकवायचे आणि तसाच धरून ठेवायचे. कोंजम म्हणजे तमिळमध्ये थोडंसं. त्यांच्यासोबत काम केलं असतं तर तुम्हीही माझ्यासारखेच चडफडला असता, कारण त्यांचं थोडंसं अर्ध्या तासाखाली कधी संपत नसे.

टॅग वाचणारे मोबाइल तेव्हा नुकते आले होते. टॅग म्हणजे चिपवाला स्टिकर. फोन टेकवला की त्यातला क्रमांक फोनला कळतो. चेन्नईतल्या आमच्या कंपनीत हे ॲपमध्ये बसवायचं काम आम्हा दोघांकडे आलं. त्यासाठी तयार कोडची लायब्ररी होती. मी म्हटलं, जोडा आणि मोकळे व्हा. तर हे तिची ओळन् ओळ वाचत बसले. "कोण कुठला ते पुसल्याविना घरांत घेतोस काय रे तू?" त्यांच्या तंजावरी मराठीत मला विचारलं.

वेस्ट मांबलमला ते आईजवळ राहत, लग्न केलं नव्हतं. अम्माची नजर गेली होती, पण स्वयंपाक तिचाच. त्यात देवापितरांना दाखवायच्या आधी चाखायचं नाही, हुंगायचंही नाही. व्हायचं तेच झालं. वडिलांच्या श्राद्धाला खिरीत मीठ पडलं. पानावरचे भटजी मौनात ती खीर संपवून गेले बिचारे. बंगळूरहून आलेल्या थोरल्या भावाने मात्र सांगून टाकलं, "पुन्हा असं झालं तर अम्माला मी नेणार. माझ्याकडे स्वयंपाकीण आहे." अम्मा दोन दिवस जेवली नाही.

म्हणून यांनी घरच्या डब्यांना टॅग चिकटवले आणि ॲपमध्ये स्वतःचा आवाज भरला. "मीठ, अम्मा." "साखर, अम्मा." ऑफिसात टेबलावर सगळं चोख चाललं. घरी फोन मुका. चार दिवस ते स्वतःचा कोड तपासत राहिले आणि मी लायब्ररीला शिव्या देत राहिलो. मग डोक्यात प्रकाश पडला, की डबे स्टीलचे आहेत आणि धातूला चिकटलेला टॅग वाचताच येत नाही! आम्ही दोघे शहाणे लाकडावर तपासत होतो. मी सुचवलं, "जुन्या चपलेचं रबर कापून मध्ये घाला." "सोवळ्यातल्या डब्याला चप्पल?" त्यांनी असं पाहिलं की मी कॉफीला सटकलो. शेवटी टॅग दोऱ्याने बांधून लोंबते सोडले.

पुढच्या श्राद्धाची खीर गोड झाली. भाऊ दोन वाट्या खाऊन एकटाच परत गेला. दुसऱ्या दिवशी त्यांनी हे मला तीनदा ऐकवलं. फार जीव होता माझा या माणसावर, पण तसं कधी बोललो नाही.

दोन वर्षांनी हृदयविकाराने ते अचानक गेले.

त्यांच्या वर्षश्राद्धाला मी सकाळीच पोचलो. भाऊ अम्माला न्यायला तयार होता, तिने साफ नाही म्हटलं होतं. खीर उकळत होती. "साखर, अम्मा," फोन त्यांच्या आवाजात बोलला. तिने साखर घातली, ढवळली. खिरीला मीठ लागत नाही. तरी तिने मिठाच्या डब्याला फोन लावला. मग तुरीच्या, मग उडदाच्या. फळीवरचे डबे संपले तेव्हा तिने पहिल्या डब्यापासून पुन्हा सुरुवात केली.