हूऱ्यातली आयरिश राणी

रिफातल्या त्या व्हिलात राहणाऱ्या नोरीनबाई कोण आहेत हे बहरीनमध्ये कुणालाच ठाऊक नव्हतं, आणि बाईंना नेमकं तेच हवं होतं. त्यांच्या देशात, आयर्लंडात, नोरीन टियर्नी हे नाव घेतलं की लोक हातातलं काम टाकून मान वर करत. इथे त्या विमानं दुरुस्त करणाऱ्या इंजिनियरसाहेबांची बायको, बस. त्यांची गाडी चालवणारा गणपत धुरी तर त्यांना त्याहूनही कमी समजत होता. बाई मागे बसायच्या, 'यल्ला, गणपत', म्हणजे चल, म्हणायच्या, आणि कुठे जायचं विचारलं की 'कुठेही' म्हणायच्या. आता 'कुठेही' हा काय पत्ता झाला? गणपतच्या मते ही एक रिकामी, कंटाळलेली मडम होती, आणि अशा मडमा त्याने गल्फमध्ये पैशाला पासरी पाहिल्या होत्या.

हे मत बदललं १९९४च्या उन्हाळ्यात, बाब अल बहरीन या जुन्या वेशीमागच्या बाजारगल्लीत, अलीमियाँच्या कापडाच्या दुकानात. अलीमियाँ रत्नागिरीकडचे, गणपतचे जुने स्नेही. बाईंना पडद्याचं कापड हवं होतं. ते कापून होईपर्यंत गणपतने आपलंही काम उरकायला घेतलं. गल्फला येण्याआधी तो वेंगुर्ल्याकडच्या एका दशावतारी मंडळीत स्त्रीपार्ट करायचा. इथे हूरा या वस्तीत राहणारे कोकणातले सुतार, ड्रायव्हर आणि स्वयंपाकी मिळून दरवर्षी गणपतीत दशावतारी नाटक करत, आणि त्यातली राणी अर्थातच गणपत. तिच्यासाठी जरीचं कापड निवडताना त्याने ते खांद्यावरून घेतलं, मान जराशी वळवली आणि पापण्या खाली घेत अलीमियाँना विचारलं, कशी दिसते. अलीमियाँ पोट धरून हसले. मागे उभ्या असलेल्या बाई हसल्या नाहीत.

"तू नट आहेस," त्या म्हणाल्या.

गणपत ओशाळला. कुणाचा खिसा कापताना सापडल्यासारखं त्याने कापड परत ठेवलं. दोघांची गाडीतली भाषा म्हणजे मोडकं इंग्रजी, त्याहून मोडकी हिंदी आणि हातवारे. पण त्या दिवशी तेवढी पुरली. किती वर्षं केलंस, कुठे केलंस, चेहरा कोण रंगवायचं, सगळं बाईंनी खोदून खोदून विचारलं. परत निघताना त्या मागे न बसता पुढे येऊन बसल्या, आणि रिफा येईपर्यंत स्वतःची हकिगत सांगत राहिल्या.

आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावरचं कोळ्यांचं गाव. घरात इंग्रजी नव्हतीच, सगळं बोलणं आयरिश भाषेत. बाप होडीवर जायचा. होड्यांना उशीर झाला की आई खडकावर उभी राहून एकेकाचं नाव घेऊन हाका मारायची. वारा असा, की पलीकडच्या घरालाही ऐकू जायचं नाही. तरी मारायची. नोरीन कोवळ्या वयात डब्लिनला गेली, टोप्यांच्या दुकानात काम करू लागली, संध्याकाळी एका लहानशा थिएटरात तिकिटं फाडू लागली. एक दिवस तिथली नटी तापाने पडली आणि मालकाने तिकिटं फाडणारीला उभं केलं, कारण रोज दारात उभं राहून तिला सगळं नाटक पाठ झालं होतं. तिथून जी सुरुवात झाली ती थांबली नाही. राण्या केल्या, मोलकरणी केल्या, विधवा केल्या. मग टेलिव्हिजन आलं. एका मालिकेत बाई गावातल्या खडूस दुकानदारणीचं काम करू लागल्या, आणि ते इतकं चाललं की रस्त्यात म्हाताऱ्या त्यांना अडवून खडसावत, बिचाऱ्या सुनेला का छळतेस म्हणून. हे सांगताना बाई पहिल्यांदा खळखळून हसल्या. गणपतलाही हसू आलं, कारण त्यालाही एकदा जत्रेत एका म्हातारीने, लेकराला वनात पाठवलंस म्हणून, नाटक संपल्यावर शेंगांची पुरचुंडी फेकून मारली होती.

मग बाईंचा आवाज उतरला. मालिका संपल्यावर त्या मोठ्या थिएटरात परतल्या. पहिलाच प्रयोग, खच्चून भरलेलं सभागृह, आणि दुसऱ्या अंकात त्यांच्या डोक्यातलं सगळं पुसलं गेलं. विंगेतून वाक्य सांगणारी मुलगी कुजबुजत होती, मग ओरडायला लागली, तरी बाईंची दातखिळी बसलेली. शेवटी पडदा पाडावा लागला. दुसऱ्या दिवशी पेपरवाल्यांनी चवीने लिहिलं. साहेबांना बहरीनची नोकरी आली तेव्हा बाईंनी पुन्हा रंगमंचावर पाय ठेवायचा नाही अशी शपथ घेतली आणि विमानात बसल्या. 'कुठेही' म्हणजे काय, हे गणपतला आता कळलं.

त्याला खरंच वाईट वाटलं. पण एक गोष्ट त्याच्या डोक्यात काही केल्या शिरेना. त्याने सिग्नलला गाडी थांबवून विचारलं, की मग तुम्ही मनाचं काही का नाही बोललात?

बाई म्हणाल्या, मनाचं कसं बोलणार, लेखकाने लिहिलेलं असतं. गणपत म्हणाला, आमच्यात कुणी लिहीतच नाही. नाटकाच्या आधी सगळ्यांनी बसायचं, आजचं आख्यान कोणतं ते ठरवायचं, कोण कधी येणार, कोण कुणाला मारणार. बाकी बोलणं ज्याचं त्याने तिथे उभं राहून करायचं. बाईंना वाटलं हा आपली फिरकी घेतोय. त्या नंतर आठवडाभर पुन्हा मागे बसल्या.

पुढच्या वर्षीचे गणपती जवळ आले आणि हूऱ्यात गोंधळ उडाला. दाजी सुतार दरवर्षी राक्षस नाहीतर परका राजा करायचा. त्याला कंपनीने ऐनवेळी समुद्रावरच्या कॉजवेपलीकडे, दुसऱ्या देशात, दम्मामला पाठवला. लीव्ह मफी, सुट्टी नाही, विषय खलास. दाजीच्या अंगाचा आणि आवाजाचा दुसरा कुणी नव्हता. गणपतने दोन दिवस विचार केला आणि रिफाला जाऊन बाईंना सरळ विचारलं, त्याच्या जागी उभ्या राहाल का. बाई नाही म्हणाल्या. मग थोड्या वेळाने म्हणाल्या, आधी संहिता आणून दे, वाचून सांगते. गणपतने पुन्हा सांगितलं, की संहिता नाही. गोष्टही शुक्रवारी दुपारी सांगणार, प्रयोगाच्या आधी तासभर. बाई लालबुंद झाल्या. आपल्या दुखण्याची हा माणूस टवाळी करतोय असं त्यांना वाटलं, आणि त्यांनी त्याला स्वयंपाकघरातून बाहेर जायला सांगितलं.

गणपतचं चुकलं होतं, आणि कुठे चुकलं तेही त्याला कळत नव्हतं. त्याच्या मंडळीत नव्या माणसाला गोष्ट आधी सांगत नसत. आधी सांगितली तर तो घरून वाक्यं जुळवून आणतो आणि तिथे दगडासारखा उभा राहतो. ही रीत होती, अपमान नव्हे. पण रीत ही आपल्याच माणसाला न सांगता कळते, हे त्याच्या लक्षातच आलं नव्हतं. दोन दिवस बाई पुन्हा मागे बसल्या. तिसऱ्या दिवशी बाई पुढे येऊन बसल्या.

"लिहिलेलंच नाही, म्हणजे विसरायला काही नाही," त्या म्हणाल्या. "बरोबर?"

गणपत म्हणाला, बरोबर. पण पुन्हा तसंच झालं तर आपण उरलेलं आयुष्य खिडकीबाहेर बघत काढू, हे त्यांनी त्याला तिथेच सांगून टाकलं.

हूऱ्यात वेगळाच तमाशा. मृदंग वाजवणारा गुंडू हा मंडळीतला सगळ्यात जुना आणि सगळ्यात हट्टी. दशावतारात बाईमाणूस कधी उभं राहत नाही, त्यात ही परदेशी, हिला आपली भाषाही येत नाही, असं त्याचं म्हणणं. गणपतने त्याचा हात धरला.

"गुंडू, इतकी वर्सां तू माका राणी मानतंस," तो म्हणाला. "मगे एक खरी बाई इली तर तुजा काय बिघाडला?"

सगळे हसले, गुंडूही हसला, आणि हसलेल्या माणसाला नाही म्हणणं जड जातं. भाषेचा प्रश्न बाईंनीच सोडवला. दाजीच्या परक्या राजाऐवजी परकी राणी करा, आणि राणी समुद्रापलीकडची असेल तर ती समुद्रापलीकडचीच भाषा बोलेल, त्या म्हणाल्या. आईची आयरिश.

शुक्रवारी दुपारी भाड्याच्या सभागृहात माणसं दाटीवाटीने बसली. गणपतीची आरती झाली, पेटी सुरांवर आली. अलीमियाँ बायको शमाला घेऊन पुढच्या रांगेत बसले होते. राणीचं कापड त्यांचंच होतं, तेव्हा ते कसं दिसतं हे बघायचा त्यांना हक्क होता. मागे एका कोपऱ्यात इंजिनियरसाहेब, रुमालाने मान पुसत. आत गणपतने गोष्ट सांगितली. राजपुत्राची होडी फुटते, तो परक्या बेटावर लागतो, तिथली राणी त्याला ठेवून घेते. त्याची आई त्याला मागायला येते. राणी देत नाही. शेवटी देते. बाईंनी विचारलं, शेवटी का देते? गणपत म्हणाला, ते तुम्ही ठरवा.

रंगमंचावर एक लाकडी बाकडं होतं. तेच सिंहासन. बाई चेहरा स्वतः रंगवून त्यावर येऊन बसल्या आणि आयरिश भाषेत पहिली आरोळी ठोकली तेव्हा पहिल्या रांगेतली पोरं मागे सरकली. एक अक्षर कुणाला कळत नव्हतं आणि सगळं कळत होतं. राजपुत्र झालेल्या संदेशला त्यांनी असा कान धरून बसवला की त्याचं ओरडणं नाटकातलं नव्हतं. लोक टाळ्या पिटत होते. पेटीवाला रंगात आला होता. मग जुनेरं नेसून, केस मोकळे सोडून गणपत आला, राजपुत्राची आई होऊन. त्याने पदर पसरला आणि मालवणीत आपला मुलगा मागितला.

आणि बाई थांबल्या.

गणपतने त्यांचे डोळे बघितले आणि ओळखलं. तो चेहरा राणीचा राहिला नव्हता. ओठ हलत होते, आवाज नव्हता. पेटी एक सूर धरून थांबली. कोपऱ्यात साहेब अर्धवट उठून उभे राहिले. गणपतच्या मंडळीत अशा वेळी कुणी वाक्य पुरवत नसे. पुरवायला वाक्य असतं कुठे? समोरचा नट वेळ काढून देतो, मग त्याला काहीतरी विचारतो. गणपत सावकाश प्रेक्षकांकडे वळला, पदर सावरला आणि शेजारणीला सांगावं तसं म्हणाला,

"राणी गप झाली म्हणजे इचार करता."

सभागृह हसलं. त्या हसण्यात बाईंना श्वास घ्यायला जागा मिळाली. गणपत गुडघ्यावर बसला, त्यांचा हात धरला, आणि गाडीतल्या मोडक्या इंग्रजीत, पण आईच्याच आवाजात त्याने विचारलं, राणी, तुझी आई होड्यांना कशी हाका मारायची?

बाई उठल्या. बाकड्यावर चढल्या. हात तोंडापाशी नेले आणि हाक मारली. पाद्रिग. मग दुसरं नाव. कोलम. मग तिसरं. प्रत्येक नाव शेवटी लांबवलेलं, वाऱ्यावर फेकलेलं. ती नावं कुणाच्या ओळखीची नव्हती, पण समोर बसलेल्यांत कितीतरी जण मालवण, देवगड, हर्णैचे होते, आणि खाडीच्या तोंडाशी उभी राहून ओरडणारी बाई त्यांनी प्रत्येकाने पाहिली होती. टाळ्या थांबल्या. गुंडूने मृदंगावरचा हात उचलला आणि तसाच हवेत धरला. शमा डोळ्यांना पदर लावून बसली. बाईंनी शेवटचं नाव घेतलं ते बापाचं. मग त्या खाली उतरल्या, राजपुत्राला कानाऐवजी हाताला धरलं आणि आईच्या ओटीत आणून दिला. राणी मुलगा का परत देते, ते त्यांनी ठरवलं होतं.

त्यानंतर जो कल्लोळ उठला तो थांबेना. गुंडूने मृदंग असा बडवला की कातड्यावरची शाई उडेल असं वाटलं. संपल्यावर तोच सगळ्यांच्या आधी आत गेला, बाईंपुढे वाकला, आणि दाजीला पुढच्या वर्षी दम्मामलाच राहू दे म्हणाला. साहेब रुमालाने डोळे पुसत होते. बाई मात्र भरभरून बोलत होत्या, तिन्ही भाषांत एकदम, चेहऱ्यावरचा रंग ओघळत असताना. आपण थांबलो तेव्हा लोक कशाला हसले, तेही त्यांनी गणपतकडून इंग्रजीत वदवून घेतलं. गणपतने माणूस इतका सुखी झालेला फार वेळा पाहिला नव्हता.

पुढचे दोन्ही गणपती त्या हूऱ्यात उभ्या राहिल्या, एकदा राक्षसीण म्हणून आणि एकदा चक्क राजा म्हणून. १९९७च्या शेवटी साहेबांचं काम संपलं आणि दोघं परत गेली. जाताना गाडीत 'कुठे जायचं' असं गणपतने मुद्दाम विचारलं. बाई म्हणाल्या, डब्लिन. मोठं थिएटर. तेच.

गणपतला फोन नव्हता, म्हणून त्यांनी अलीमियाँच्या दुकानाचा नंबर नेला होता. कित्येक महिन्यांनी, एका दुपारी, अलीमियाँनी नोकराला पिटाळून गणपतला बोलावून घेतलं. दुकानात गिऱ्हाइकं होती, तीही कापड हातात धरून थांबली. पलीकडून बाईंचा आवाज आला. आदल्या दिवशी पहिला प्रयोग झाला होता. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते, पेपरात फोटो आला होता. गणपतने हे सगळं ऐकून घेतलं. त्याला एकच गोष्ट विचारायची होती आणि ती विचारायचं धाडस होत नव्हतं. शेवटी त्याने विचारलंच, काही विसरलात का?

"दुसऱ्या अंकात," बाई म्हणाल्या. "अगदी त्याच जागी. सगळं पुसलं गेलं."

मग काय केलंत, गणपतने विचारलं.

"लोकांकडे वळले," त्या म्हणाल्या, "आणि सांगितलं, बाई गप्प झाली म्हणजे विचार करते."

"मग?"

"हसले, गणपत. सगळं थिएटर हसलं. हूऱ्यासारखंच."