भिंतीवरची कुस्ती

इजिप्तच्या त्या फॅरोचं नाव मी इथे मुद्दाम लिहीत नाही. त्याने ते स्वतःच इतक्या भिंतींवर कोरून ठेवलं आहे, वर आधीच्या राजांच्या पुतळ्यांवरही खोल खोदून ठेवलं आहे, की माझी एक ओळ कोरी राहिली तर त्याचं काही बिघडत नाही. माझं त्याच्याशी वैर आहे. बारामतीच्या कॉलेजात बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होते तेव्हा ते सुरू झालं. नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं.

आमचे इतिहासाचे सर कादेशची लढाई शिकवत होते. तरुण राजा, चार पलटणी, प्रत्येक पलटणीला एकेका देवाचं नाव. कादेश म्हणजे सीरियातलं एक गाव; त्याच्या अलीकडे त्याला दोन माणसं सापडली. ती म्हणाली, तुमचा शत्रू, हिटाइटांचा राजा, लांब उत्तरेला आहे, तुम्हाला भिऊन पुढे यायलाच तयार नाही. आपल्याला कुणी भितंय हे ऐकायला कुणाला आवडत नाही? राजा एकच पलटण घेऊन पुढे गेला. ती दोन माणसं शत्रूनेच पाठवली होती, आणि हिटाइटांचे रथ गावामागे दबा धरून होते. मागून येणारी पलटण उधळली, राजा वेढ्यात सापडला, वेळेवर कुमक आली म्हणून वाचला. दुसऱ्या दिवशी पुन्हा जुंपली, निकाल लागला नाही. कादेश न घेताच तो घरी परतला.

"आणि घरी येऊन बांधकाम काढलं," सर म्हणाले. देवळामागून देवळं बांधली आणि भिंतीभिंतीवर तीच लढाई कोरून घेतली. रथावर एकटा राजा, भिंतभर मोठा. त्याच्या चाकाखाली चिलटांएवढे शत्रू. अबू सिंबेलला तर डोंगर फोडून स्वतःचेच चार पुतळे बसवले, आणि राणी उभी केली ती त्याच्या गुडघ्यालाही पुरणार नाही एवढी. "थोडक्यात काय," सरांनी हातावरचा खडू झटकला, "कुस्ती बरोबरीत सुटली आणि गावात येऊन सांगितलं, चितपट केला."

वर्ग हसला. बारामती-इंदापूरच्या पोरांना याहून जास्त समजावून सांगायची गरज नव्हती. मला मात्र हसू आलं नाही. आमच्या गावात तेव्हा एक भिंत उभी राहत होती.

आमचं गाव बारामती-इंदापूर रस्त्याच्या आत, कॅनॉलच्या कडेला. आजोबांपर्यंत आमच्याकडे मेंढरं होती. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, कळप विकून ऊस लावला. पण गावात आबांची ओळख उसाने नव्हती. ते पैलवान. तरुणपणी त्यांनी गावच्या जत्रेतली शेवटची, मानाची कुस्ती धरली होती, आणि ती धरली होती गावच्याच बड्या घरच्या पैलवानाशी. दिवस कलला तरी कुणी पाठ टेकेना. अंधारून आल्यावर पंचांनी दोघांना अलग केलं आणि दोघांचेही हात वर केले. बरोबरीत सुटली. हे सारं गावाला ठाऊक होतं.

तो दुसरा पैलवान पुढे गावच्या सोसायटीचा चेअरमन झाला. माणूस वाईट नव्हता. कामाचा होता, फक्त जे काम करायचा त्यावर नाव घालायचा. बसथांब्यावर नाव, पाण्याच्या टाकीवर नाव, स्मशानभूमीच्या कमानीवरसुद्धा नाव. तिथे जाताना कोण वाचणार होतं कुणास ठाऊक. पत्र्याची जुनी तालीम पाडून त्याने स्लॅबची नवी बांधायला घेतली तेव्हा आबा रोज सकाळी तिथे भिंतींवर पाणी मारायला जात. लाल माती चाळून कुस्तीच्या हौदात भरली तीही त्यांनीच. तालमीतल्या पोरांना डाव शिकवायचे तेही तेच, त्यामुळे त्यांना गाव वस्ताद म्हणे.

एके दिवशी सिमेंटची चित्रं करणारा एक कारागीर आमच्या घरी आला. दर्शनी भिंतीवर त्या जुन्या कुस्तीचं चित्र उठवायचं म्हणाला. चहा प्यायला, आबांना उजेडात बसवलं, कुस्त्यांत चेचलेला त्यांचा डावा कान वहीत काढून घेतला, दंड किती, छाती किती ते विचारलं. आबा इस्त्रीचा सदरा घालून बसले होते. तो गेल्यावर आईला म्हणाले, "दोगं बी काढनार हाय. खडाखडीला उभं, समोरासमोर." आणि तालेवार माणसासारखे मिशीवरून हात फिरवत राहिले. मी त्यांना असं कधी पाहिलं नव्हतं.

चित्रावरचं पोतं निघालं त्या दिवशी मी कॉलेजातून येत होते. एसटीतून उतरले आणि रस्त्यावरूनच दिसलं. चेअरमन होता दोन माणसांएवढा, मांड्या खांबासारख्या, नजर आभाळात. त्याच्या गुडघ्याखाली पाठ टेकून एक किरकोळ माणूस पडला होता. शेजारी एक घोंगडी टाकलेली, म्हणजे मेंढरंवाल्या घरचा ते कळावं. तोंड कुणाचंही असतं. डावा कान मात्र आबांचा होता, पाळीवरच्या गाठीसकट. खाली अक्षरं होती: चितपट केलेली ऐतिहासिक कुस्ती. चेअरमनचं नाव होतं. आबांचं नव्हतंच.

मला राग आला. तो राग आजही मी खाली ठेवलेला नाही. घरी आले तर आबा गोठ्यात वैरण टाकत होते.

"बघितलं का?" मी विचारलं.

"बघितलं."

"मग?"

"मग काय? मला ठाव हाय काय झालं ते."

"गावातल्या लहान पोरांना ठाऊक आहे का?"

ते म्हशीपुढचा चारा उगाच सारखा करत राहिले. दुसऱ्या दिवशी पहिल्यांदाच ते तालमीत गेले नाहीत, आणि त्यानंतरही गेले नाहीत. तिथे जायचं तर त्या चित्राखालूनच आत शिरावं लागे. तेव्हा मी मनाशी ठरवलं की ही भिंत खरं बोलेल, नाहीतर मी या गावात गप्प बसणार नाही.

गंमत म्हणजे संधी चेअरमननेच दिली. उद्घाटनाच्या आठवडाभर आधी तो दारात येऊन मला म्हणाला, "इतिहास शिकतीस न्हवं तू? मग आपल्या तालमीचा इतिहास सांग की माईकवर. पोरीनं बोललेलं शोभंल." मी हो म्हणाले. आबांनी माझ्याकडे पाहिलं.

आठ दिवस मी भाषण लिहीत होते. फॅरो होताच. दुसरा आधार होता आईचा. आबांची कुस्ती आई अशी सांगायची की ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा यावा: आबांनी समोरच्या गड्याला कसं खाली घातलं, त्याची पाठ मातीला लागायला बोटभर कशी राहिली होती, नेमका अंधार कसा पडला. आता आठवलं की हसू येतं. आई त्या मैदानात नव्हतीच; कुस्तीच्या मैदानात बायका जात नसत. शिवाय तिचं तेव्हा लग्नही झालं नव्हतं. आणखी एक गोष्ट कबूल करून टाकते. सरांनी सांगितलं होतं की हिटाइटांच्या मातीच्या विटांवरचा मजकूरही सापडला आहे, आणि त्यात ते म्हणतात, आम्ही जिंकलो. ते वाक्य मी वहीत उतरवलं होतं. भाषणातून गाळलं.

उद्घाटनाला अख्खा गाव लोटला होता. मांडव, हलगी, पाहुणे, हार. मी माईकसमोर उभी राहिले आणि म्हणाले, आपल्या चेअरमनसाहेबांना पाहिलं की मला इजिप्तच्या एका सम्राटाची आठवण होते. टाळ्या पडल्या. चेअरमनने शेजारच्या पाहुण्याकडे पाहून मान हलवली. मी त्या सम्राटाची देवळं सांगितली, डोंगराएवढे पुतळे सांगितले; तो खुर्चीत पुढे सरकून ऐकत होता. मग कादेश सांगितलं. वेढा, सुटका, रिकाम्या हाताने परतणं, आणि त्यावर भिंतीभिंतीवर कोरलेला विजय. मांडवातल्या माना एकेक करून भिंतीकडे वळू लागल्या. मी भिंतीकडे हात केला आणि म्हणाले, "ही कुस्ती बरोबरीत सुटली होती. खरं तर माझे वडील जिंकत होते. अंधार पडला म्हणून चेअरमनसाहेब वाचले."

हलगीवालासुद्धा हलगी मांडीवर घेऊन बसला. चेअरमन उठला. मला वाटलं आता माईक हिसकावणार. त्याने माईक घेतला खरा, पण बोलला माझ्याशी नाही. मांडवात मागे बसलेल्या आबांकडे बघून म्हणाला, "पैलवान, तुमीच सांगा. कोन पडत हुतं?"

आबांनी आयुष्यात माईक धरला नव्हता. ते पुढे आले, सदऱ्याचं बटण चाचपलं आणि माईकपासून हातभर लांब उभे राहिले. तरी शेवटच्या माणसाला ऐकू गेलं.

"मी पडत हुतो," ते म्हणाले. "मानंत ताकद उरली न्हवती. पंचांनी आजून जरा येळ दिला आसता तर पाट टेकली आसती. ही पोरगी बोलली ते खरं न्हाय."

मला धरणीने पोटात घ्यावं असं झालं. चेअरमन हसायला लागला होता. आबांनी हात वर करून त्याला थांबवलं.

"पर पडलो न्हाय. पडत हुतो आन् पडलो ह्यात फरक हाय, चेअरमन. त्यो फरक ठिवायला मी सगळी संध्याकाळ मान मोडून घेतली. त्यो तुमी पुसायचा न्हाय."

एवढं बोलून ते मांडवाबाहेर गेले. मीही मागोमाग निघाले. कॅनॉलच्या कडेने चालताना मी भांडायलाच लागले. कशाला सांगितलंत, कुणी मागितलं होतं, सगळ्या गावासमोर माझं तोंड काळं केलंत. 

"त्यानं मला खाली काढलं, तू मला वर काढलंस," ते म्हणाले. "माझ्या जाग्याव मला कुनीच ठिवलं न्हाय."

मला लाज वाटली, पण खरं सांगते, राग काही गेला नाही. तो फक्त सरळ झाला. तोवर मला आबा जिंकायला हवे होते; आता फक्त खरं काय ते लिहिलेलं हवं होतं, आणि ते मागायला मला कुणाची परवानगी घ्यायची नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळी, उसाला पाणी द्यायला निघालेली माणसं रस्त्यावर असताना, मी तांबड्या ऑइलपेंटचा डबा आणि ब्रश घेऊन तालमीपाशी गेले. तालमीत बाईमाणसाने पाऊल टाकायचं नसतं. भिंत मात्र बाहेरच्या बाजूला होती. चित्राखाली लिहिलं: निकाल, बरोबरीत. दुपारपर्यंत चेअरमनच्या गड्याने चुना फासून टाकला. तिसऱ्या दिवशी मी पुन्हा लिहिलं. पुन्हा चुना. "पोरगी वाया गेली" असं पारावर बोललं गेलं आणि ते मला ऐकू येईल अशा बेताने बोललं गेलं. आईने डबा लपवला. मी बारामतीहून नवा आणला. तिसऱ्यांदा लिहिताना लोक थांबून बघायला लागले होते. जुन्या पंचांपैकी एक म्हातारे अजून हयात होते. ते काठी टेकत आले, वाचलं, म्हणाले, "बराबर हाय," आणि गेले. तेही संध्याकाळपर्यंत पुसलं गेलं.

चौथ्या वेळी मी गेले तेव्हा चेअरमन स्वतःच भिंतीपाशी उभा होता. एकटाच. मी डबा उघडला. त्याच्यादेखत लिहायला सुरुवात केली.

"तीस वरसं झाली," तो मागून म्हणाला. "त्याची मान माझ्या हातात हुती. मला ठाव हुतं त्यो जातोय. आन् पंचांनी सोडवलं. लोक म्हनाले बराबरी. मी कुनाला सांगनार?"

मी वळून पाहिलं. त्याचे डोळे भरले होते. मला त्याची दया आली, हे मला मुळीच आवडलं नाही. 'मी पडत हुतो' हे त्याच्या मनातलं वाक्य आबांनी माईकवर गावासमोर बोलून टाकलं होतं. तीस वर्षांत कुणी बोललं नव्हतं ते. तरीही मी हात थांबवला नाही.

"आबांनी सांगितलं ना सगळ्यांना," मी म्हणाले. "आता भिंतीनं खोटं बोलायची गरज नाही."

तो माझ्या शेजारी येऊन उभा राहिला. 'निकाल' लिहून झालं होतं, 'बरोबरीत'मधला पहिला 'ब' चालू होता. हात अवघडल्यामुळे ओळ तिरकी जात होती. चेअरमनने मान कलती करून ती पाहिली, मग खाली वाकून डबा उचलला आणि माझ्या हाताला येईल असा धरला.

"लिवतीसच तर सरळ लिव," तो म्हणाला. "लोक वाचनार हायेत."